आदेश मिळाल्यावर पुन्हा कोर्टात का यावं लागतं? कोकणातल्या सरकारी अधिकाऱ्यांना खुलं पत्र

प्रति,
रायगड, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांतल्या सरकारी कार्यालयांमध्ये ज्यांच्या टेबलावर हायकोर्टाचे आदेश येऊन पडतात त्या सर्व अधिकाऱ्यांना

साहेब, मॅडम, सप्रेम नमस्कार.

मी रत्नागिरी जिल्ह्याच्या दक्षिणेकडचा, खाडीकाठचा शेतकरी. गावाचं आणि खात्याचं नाव लिहीत नाही, एकतर आमचं मॅटर कोर्टात चालू आहे आणि दुसरं म्हणजे मला कोणा एका साहेबाला इथे उभं करून चार शब्द सुनवायचे नाहीयेत. मी तालुक्याच्या कोर्टात, मुंबईला आणि आता कोल्हापूरला बाकावर बसून बसून एवढं बघितलंय की आमच्यासारखे खूप आहेत. कोणाच्या वाटेचा आदेश आहे, कोणाच्या पेन्शनचा, कोणाच्या जमिनीच्या मोबदल्याचा, आणि सगळ्यांच्या हातात सर्टिफाईड कॉपी आहे, सगळे केस जिंकलेले आहेत, आणि सगळे पुन्हा कोर्टात आलेत. ह्या दुसऱ्यांदा येण्याबद्दलच मला तुमच्याशी बोलायचंय.

आधी आमचं सांगतो. आमच्या वाडीखाली खारबांध आहे, म्हणजे खाडीचं खारं पाणी शेतात येऊ नये म्हणून घातलेला बांध, त्याच्या आत साठ घरांचा मळा, भाताची जमीन. २०१९ च्या पावसात श्रावणातल्या उधाणाला बांधाला खांड पडली, म्हणजे भगदाड, आणि शेजारची उघाडी, म्हणजे आतलं पाणी बाहेर सोडायची झडप, ती पण निखळली. पहिल्या दिवशी ती खांड माणूस उडी मारून ओलांडेल एवढीच होती. पण खाडीचं पाणी दिवसातून दोनदा आत येतं आणि दोनदा बाहेर जातं आणि प्रत्येक वेळी जाताना थोडी माती घेऊन जातं, त्यामुळे गणपतीपर्यंत तिथे होडी शिरायला लागली. पूर्वी असं झालं की घरटी एक माणूस निघायचा, ओहोटी धरून दोन दिवसात चिखलाचे पेंडे टाकून खांड बुजवायचे, माझ्या वडिलांनी केलंय हे. पण बांध सरकारी योजनेत गेल्यापासून आम्ही हात लावायचा नाही, अर्ज करायचा. म्हणून आम्ही अर्ज केले. दोन वर्षं केले.

मग २०२१ ला हायकोर्टात गेलो. ऑक्टोबर २०२२ मध्ये आदेश झाला, सहा महिन्यांत खांड बुजवा आणि उघाडी बसवा, म्हणजे पुढच्या पावसाच्या आत. त्या दिवशी वाडीत लोकांनी पेढे वाटले हो. आमचे अण्णा, पहिले अर्जदार, तेव्हा पंचाहत्तरीचे, त्यांनी सर्टिफाईड कॉपी प्लास्टिकच्या पिशवीत घालून एसटीने नेली आणि तुमच्यासारख्याच एका ऑफिसच्या बारनिशीत, म्हणजे आलेलं टपाल नोंदवून घेतात तिथे दिली, पोच घेतली. गोल शिक्का, तारीख, सही. ती पोच अजून त्यांच्याकडे आहे. त्यांना वाटलं काम झालं.

एप्रिल २०२३ संपला. बांधावर कोणी आलं नाही.

आता इथून पुढे जे झालं ते तुम्हाला ऑफिसच्या आतून वेगळं दिसत असेल पण बाहेरून कसं दिसतं ते ऐका. आम्ही दर महिन्याला जायचो. कोणी वाईट बोललं नाही, खोटं कशाला सांगू, पाणी विचारायचे, बसा म्हणायचे. अंदाजपत्रक वर पाठवलंय. प्रशासकीय मान्यता यायचीय. निधी मार्चनंतर. वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागवलंय. साहेबांची बदली झाली, नवीन साहेबांना चार्ज घेऊन आठवडाच झालाय, त्यांना फाईल बघू दे. प्रत्येक उत्तर त्या त्या दिवशी खरंच वाटायचं आणि कदाचित खरंच असेल सुद्धा. आम्ही घरी यायचो आणि म्हणायचो पुढच्या महिन्यात होईल.

आणि ह्यातच आमचं वर्ष जात होतं, हे आम्हाला माहीतच नव्हतं. कोर्टाचा आदेश पाळला नाही तर ज्या कायद्याखाली अवमान याचिका करता येते तो न्यायालय अवमान कायदा १९७१ चा आहे, त्याच्या कलम २० मध्ये लिहिलंय की अवमान झाला त्या तारखेपासून एक वर्ष उलटून गेलं की कोर्टाला कारवाई सुरू करता येत नाही. म्हणजे सहा महिन्यांची मुदत ज्या दिवशी संपली त्या दिवसापासून एक वर्ष. वकील मॅडमनी हे सांगितलं तेव्हा आमच्याकडे नऊ दिवस उरले होते. नऊ! काही वेळा चालू राहणारा अवमान आहे असा युक्तिवाद करता येतो म्हणे, पण त्याच्या भरवशावर राहू नका, कोर्टं तो सहज मान्य करत नाहीत, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. मग धावपळ करून अण्णांच्या सह्या, वकालतनामा, पोचेच्या झेरॉक्स, सगळं आठव्या दिवशी दाखल झालं. जे कोणी हे वाचतायत आणि ज्यांच्या हातात असा आदेश पडून आहे त्यांनी आजच कॅलेंडरवर तारीख बघा, ऑफिसमध्ये गोड बोलतायत म्हणून थांबू नका.

साहेब, माझं पहिलं म्हणणं हे आहे. तुमच्या ऑफिसमधलं प्रत्येक "पुढच्या महिन्यात या" हे आमच्या त्या एका वर्षातून वजा होतं. तुमच्या मनात फसवायचं नसेलही, पण परिणाम तोच होतो.

आता कायद्याचा दुसरा शब्द, "हेतुपुरस्सर". दिवाणी अवमान म्हणजे कोर्टाच्या निकालाचा, आदेशाचा मुद्दाम केलेला भंग किंवा कोर्टाला दिलेल्या हमीचा मुद्दाम केलेला भंग, कलम २ मध्ये तशी व्याख्या आहे. नुसतं काम झालं नाही एवढ्यावर भागत नाही, मुद्दाम केलं नाही हे दिसायला लागतं. हे योग्यच आहे, कारण सहा महिने कैदेपर्यंत शिक्षा असलेली गोष्ट आहे, संशयावरून कोणाला आत टाकू नये. पण सरकारी ऑफिसमध्ये मुद्दाम कोणीच काही करत नाही. क्लार्कने टिपणी ठेवली, वरच्याने शेरा मारला, त्याच्या वरच्याने परत पाठवली, तेवढ्यात बदली. आमच्या याचिकेत ज्या साहेबांचं नाव होतं ते दोनदा बदलावं लागलं. पहिले म्हणाले मी आता तिथे नाही, दुसरे म्हणाले मी तेव्हा तिथे नव्हतो, आणि दोघंही खरंच बोलत होते. मग खांड कोणी उघडी ठेवली?

मग प्रतिज्ञापत्र आलं. त्यात लिहिलं होतं की काम प्रगतीपथावर आहे, आणि सोबत फोटो, आमच्याच बांधावर उभा असलेला पिवळा जेसीबी. तो जेसीबी मला माहितीये कारण मी त्या दिवशी तिथे होतो. सकाळी अकराला आला, ओहोटी होती, बांधाच्या धडधाकट बाजूला उभा केला, बकेट एकदा वर केली, दोघांनी मोबाईलवर फोटो काढले आणि दुपारी जेवायच्या आत ट्रेलरवर चढवून परत गेला. चिखलाला बकेट लागली नाही. कोर्टात तो फोटो ए-फोर कागदावर रंगीत छापून लावला होता आणि न्यायाधीशांना तो बघून काय कळणार, त्यांना भरती-ओहोटी दिसत नाही, त्यांना जेसीबी दिसतो. अण्णा त्या फोटोकडे बराच वेळ बघत होते. ते काही बोलले नाहीत. मला आजपर्यंत कुठल्या गोष्टीचा एवढा त्रास झाला नाही जेवढा त्या फोटोचा झाला, कारण उशीर समजू शकतो, निधी नाही हे पण समजू शकतो, पण शपथेवर सांगताना असं?

आणि ह्या सगळ्या काळात मळ्यात काय होत होतं ते सांगतो, कारण माझ्या मते हेच सगळ्यात महत्त्वाचं आहे आणि हे कुठल्याच कागदावर आलेलं नाही. खाऱ्या पाण्याबरोबर तिवराचं, म्हणजे कांदळवनातल्या झाडाचं, बी आत आलं. २०२० मध्ये बोटाएवढी रोपं होती, पोरं उपटून खेळायची. आदेश झाला तेव्हा गुडघ्याला लागत होती. अवमान याचिका दाखल केली तेव्हा कमरेच्या वर. आज माझ्या काकीच्या शेतात उभं राहिलं तर पलीकडचा बांध दिसत नाही, नुसतं तिवर. तिच्या परसातल्या विहिरीचं पाणी चहाला चालत नाही, चहा फाटतो.

आता ऑफिस म्हणतं की तिथे कांदळवन आहे, काम करायला परवानगी लागेल. आणि हे कायद्याने बरोबर आहे! मुंबई हायकोर्टाचा १७ सप्टेंबर २०१८ चा निकाल आहे, राज्यभर कांदळवनं तोडायला बंदी, भोवती ५० मीटरचा पट्टा राखायचा, आणि सार्वजनिक कामासाठी तोडायची असली तरी हायकोर्टाची परवानगी लागते. तो निकाल चांगला आहे, मी त्याच्या बाजूचा आहे, खाडीतल्या कुर्ल्या आणि कोलंबीची पिल्लं त्या मुळांमध्येच वाढतात हे आम्हाला शिकवायला नको. पण आमच्या भाताच्या जमिनीत ती झाडं कोणामुळे आली? ज्या दिवशी आदेश झाला त्या दिवशी खांड बुजवली असती तर परवानगीचा प्रश्नच नव्हता. म्हणजे एका आदेशाचं पालन तीन वर्षं केलं नाही, आणि त्या न करण्यामुळेच दुसऱ्या आदेशाची अडचण उभी राहिली, आणि आता ती अडचण पहिला आदेश न पाळण्याचं कारण म्हणून कोर्टात सांगितली जाते. साहेब, हे मला रात्री झोपू देत नाही. उशीर म्हणजे नुसता उशीर नसतो. आदेशात जे करायला सांगितलंय ते करणंच अशक्य होत जातं.

पेण-अलिबागच्या बाजूला पण खारबांध फुटून शेतात कांदळवन वाढल्याच्या गोष्टी ऐकू येतात, तिकडच्या शेतकऱ्यांना मी काय सांगतोय ते लगेच कळेल.

माझं म्हणणं असं अजिबात नाही की अधिकाऱ्यांना तुरुंगात टाका. कोर्टाने ते केलेलं आहे, सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये आपल्याच महाराष्ट्राच्या मंत्र्याला, स्वरूपसिंह नाईक यांना आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक एक महिन्याची कैद दिली होती, कोर्टाचे आदेश असताना आरा गिरण्यांना परवानगी दिली म्हणून. पण असं क्वचित होतं. बहुतेक वेळा विनाशर्त माफी मागतात, कायद्यात माफीची सोय आहे, कोर्ट ती मान्य करतं आणि मॅटर संपतं. दंड झाला तर जास्तीत जास्त दोन हजार रुपये, १९७१ पासून आकडा तोच आहे. आमची दोन माणसं एका तारखेला जाऊन आली की त्यापेक्षा जास्त खर्च होतो. आणि तो दंड काही आम्हाला मिळत नाही, अवमानाचं प्रकरण हे कोर्ट आणि आदेश मोडणारा ह्यांच्यातलं असतं, आम्ही फक्त कोर्टाच्या कानावर घालणारे. मला कोणाला शिक्षा झालेली नकोय, मला माती टाकलेली हवीय.

सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२४ मध्ये सरकारी अधिकाऱ्यांना कोर्टात बोलावण्याबद्दल कार्यपद्धती घालून दिली, उठसूट हजर राहायला सांगू नये, आधी व्हिडिओ कॉन्फरन्सचा पर्याय द्यावा, त्यांच्या कपड्यांवर, शिक्षणावर शेरे मारू नयेत. वाचून मला बरं वाटलं. माणसाचा मान राखलाच पाहिजे. पण मग अण्णांचा पण राखा ना. त्यांना कोणी व्हिडिओवर विचारलं नाही, ते आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचे आहेत आणि पहाटे चारला उठून अणुस्कुरा घाट चढून कोल्हापूरला जातात. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच, म्हणजे मुंबईबाहेर बसणारं खंडपीठ, सुरू झालं आणि रत्नागिरी सिंधुदुर्गची प्रकरणं तिकडे आली, हे खरोखर फार मोठं काम झालं, मुंबईपेक्षा निम्म्याने अंतर वाचलं आमचं. पण पावसात घाटात दरड आली की तोही रस्ता बंद, आणि बोर्डावर मॅटर शेवटी असलं की चार वाजता कळतं आज लागणार नाही. रायगडवाल्यांना तर मुंबईच.

अजून एक प्रकार बघितला तो पण लिहितो. काही आदेश असे असतात की "अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या". मग आठ आठवडे गेले, अवमान याचिका झाली, आणि नोटीस मिळाल्याबरोबर ऑफिस एका पानावर निर्णय घेतं, "निवेदन नामंजूर". संपलं! आदेशाचं पालन झालं, अवमान नाही, निर्णय चुकीचा वाटत असेल तर नवीन याचिका करा. बाकावर माझ्या शेजारी बसलेल्या एका निवृत्त शिक्षिकेचं असं झालं. त्या बाईंनी कागद घडी करून पर्समध्ये ठेवला आणि मला विचारलं की इथून एसटी स्टँडला रिक्षा किती घेतात. कोर्टाने तुम्हाला निर्णय घ्यायला सांगितला तो विचार करून घ्यायला सांगितला होता. याचिकेची नोटीस आली म्हणून संध्याकाळी टाईप केलेलं पान म्हणजे निर्णय नव्हे.

आपल्या मुंबई-गोवा महामार्गाचं तर काय सांगू, २०११ पासून काम चालू आहे, दर गणपतीला चाकरमानी त्याच खड्ड्यांतून येतात, हायकोर्टात जनहित याचिका झाली, सरकारने तारखांवर तारखा दिल्या, डिसेंबर २०२३ ही पण त्यातलीच एक. मुंबईच्या खड्ड्यांचं बघा. २०१८ मध्ये हायकोर्टाने सविस्तर आदेश दिला, पालन झालं नाही म्हणून एका वकील बाईंनी अवमान याचिका केली, आणि शेवटी ऑक्टोबर २०२५ मध्ये हायकोर्टाने सांगितलं की खड्ड्यामुळे कोणी मेलं तर वारसांना ६ लाख रुपये द्या आणि पैसे जबाबदार माणसांकडून वसूल करा. जबाबदार माणसांकडून! मला त्या आदेशातला हा भाग सगळ्यात जास्त पटला, कारण आमच्याकडे दोन साहेब बदलले आणि जबाबदार माणूस सापडलाच नाही.

म्हणून माझं मागणं साधं आहे आणि ह्याला नवीन कायदा लागत नाही, निधी पण लागत नाही. कोर्टाचा आदेश बारनिशीत आला की तो ज्याच्याकडे गेला त्याचं नाव, पद आणि मुदत संपायची तारीख ऑफिसच्या बाहेरच्या फळ्यावर लिहा. साहेब बदलले तर जाणाऱ्याने येणाऱ्याला चार्ज देताना त्या आदेशांची यादी सही करून द्यावी, म्हणजे "मला माहीत नव्हतं" हे कोणाला म्हणता येणार नाही आणि नव्या साहेबांवर अन्याय पण होणार नाही. आणि मुदतीत जमत नसेल तर गप्प बसू नका. आदेश मान्य नसेल तर अपील करा, तो तुमचा हक्क आहे, फक्त एवढं लक्षात घ्या की नुसतं अपील केल्याने आदेश थांबत नाही, स्टे मिळाला तरच थांबतो, आमच्याकडे सात महिने "अपील करतोय" हेच उत्तर होतं आणि अपील शेवटपर्यंत झालंच नाही. मुदत कमी पडत असेल तर मुदत संपायच्या आधी कोर्टात जाऊन वाढवून मागा, कोर्टं देतात, खरं कारण असेल तर नक्की देतात. तो अर्ज तुम्ही केला असता तर कोर्टासमोर कोण काय करतंय हे दर तारखेला आलं असतं आणि आम्हाला तुमच्याविरुद्ध उभं राहायची वेळच आली नसती. अवमान याचिका करायला कोणालाही आवडत नाही हो. ज्या ऑफिसात सातबारा, दाखले, नुकसानभरपाईसाठी आयुष्यभर जायचंय तिथल्या साहेबांच्या नावाने याचिका करायची ही गावातल्या माणसाला किती जड गोष्ट असते ते तुम्हाला कळावं. आमच्यातल्या चार जणांनी ह्याच भीतीने सही केली नाही.

सरकारी वकिलांनाही एक विनंती, तुम्हाला जो फोटो दिला जातो तो कोणत्या तारखेचा, कोणत्या जागेचा आणि त्यानंतर तिथे किती काम झालं एवढं विचारल्याशिवाय प्रतिज्ञापत्राला लावू नका.

आमची पुढची तारीख पावसाच्या आधीची मिळालीय. तुमच्यापैकी जे कोणी त्या दिवशी कोल्हापूरला येणार असतील त्यांनी त्याआधी एकदा टेप घेऊन बांधावर यावं. ओहोटीला नको, पौर्णिमेच्या भरतीला या, होडी आम्ही देऊ. खांड आज किती मीटर आहे ते मोजा आणि तेवढा एकच आकडा प्रतिज्ञापत्रात लिहा. टेपचं दुसरं टोक धरायला अण्णा येतो म्हणालेत.

आपला,
खाडीकाठचा एक अर्जदार